वारसाचा दाखला
(उल्हासनगर, अंबरनाथ व बदलापूर येथील गिरणी कामगारांच्या सभेत केलेल्या भाषणाचा मजकूर)



पाळी सुटल्यावर घरी न जाता पुष्कळ जण सरळ सभेला आले आहेत. कित्येकांच्या केसांत अजून कापूस दिसतो. पोटात भूक असताना माणसाला फार वेळ बसवून ठेवू नये, हे आम्हाला कळतं. पण आजचा विषय मागणीपत्रकात बसणारा नाही, म्हणून थोडा वेळ मागतो.

विषय आहे वारसाचा.

हा शब्द गिरणी कामगाराच्या घरात अलीकडे रोजचा झाला आहे. १८ जानेवारी १९८२ ला मुंबईच्या गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार त्यात होते. तो संप मागे घेतला असं कुणी कधी जाहीर केलं नाही, आणि गिरण्या मात्र एकामागून एक बंद झाल्या. भोंगे गेले, चिमण्या पडल्या, त्या जागी काचेचे मनोरे उभे राहिले. पुढे सरकारला वाटलं, की ज्यांनी या जमिनीवर घाम गाळला त्यांना घर द्यावं. वाटलं म्हणजे काय, मोर्चे निघाले तेव्हा वाटलं! आणि घर द्यायचं म्हटल्यावर विचारणा झाली : तुम्ही गिरणीत होता याला पुरावा काय? जे कामगार वारले त्यांच्या मुलांना विचारलं : तुम्ही वारस कशावरून?

त्यासरशी कोकणापासून बदलापुरापर्यंत माळ्यावरच्या पत्र्याच्या ट्रंका खाली आल्या. तिकीट नंबर शोधा, पगाराची चिठ्ठी शोधा, फंडाची पावती शोधा. कुणाला मिळाली, कुणाची वाळवीनं खाल्ली. कुणाच्या बापानं संपाच्या रागात सगळे कागद चुलीत घातले होते. मग घरं निघाली ती शेलू-वांगणीला. आपल्या बदलापूरच्याही पुढची ही स्टेशनं. ९ जुलै २०२५ ला गिरणी कामगार आणि त्यांचे वारस आझाद मैदानावर जमले आणि म्हणाले, घर द्यायचं तर मुंबईत द्या. त्या मागणीला आमचा पाठिंबा आहे. शेलू-वांगणीच्या मातीशी आमचं भांडण नाही. तिथली माणसंही आपल्यासारखीच पहाटेची गाडी पकडतात. भांडण इतकंच आहे, की जी मुंबई गिरणी कामगारानं रक्त सांडून महाराष्ट्राला मिळवून दिली, त्या मुंबईच्या नकाशात त्याला टाचणी टोचायला जागा नसावी?

तर कागद लागतो. कागद शोधा, जपून ठेवा, त्याच्या दोन नकला काढा. पण आम्ही विचारतो ते वेगळं आहे. आज घरी गेल्यावर आपल्या पोराला विचारा, तुझा आजोबा कोण होता? सांगेल, गिरणीत होता. कुठल्या खात्यात? माहीत नाही. साचे चालवायचा, की रिंग खात्यात होता, की भट्टीपाशी उभा राहून भाजून निघायचा? माहीत नाही. संपात का उतरला? माहीत नाही. मुंबईला कुठल्या गावाहून आला, का आला, गाडीनं आला की बोटीनं आला? माहीत नाही. अशा पोराला उद्या तहसीलदार वारसाचा दाखला देईल. शिक्का गोल असेल, सही खरी असेल. पण तो वारस कशाचा?

रविवारची सुट्टी घ्या. आपल्या पोरांना वाटतं, कॅलेंडरात लाल छापतात म्हणून ती मिळते. इंग्रज साहेबाला देवळात जायचं होतं म्हणून मिळाली, असंही काही शिकलेले लोक सांगतात. पण नारायण मेघाजी लोखंडे नावाच्या माणसानं १८८४ साली मुंबईच्या गिरणी कामगारांची संघटना काढली. सत्यशोधक विचाराचा, जोतीराव फुल्यांचा सोबती. त्यानं अर्ज केले, सभा घेतल्या, हजारो कामगारांना उभं केलं, आणि १० जून १८९० ला गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी कबूल केली. आम्ही चार इयत्ता शिकलो. आम्हाला हे शाळेत कुणी सांगितलं नाही. खानावळीत भाकऱ्या थापणाऱ्या म्हातारीकडून कळलं. तिला तारीख ठाऊक नव्हती, पण लोखंड्यांचं नाव ठाऊक होतं. आमच्यापैकी किती जणांची विद्या अशी चुलीपुढे बसून झाली! गिरणगावातली खोली दहा बाय बाराची, तीत तीन पाळ्यांची माणसं आळीपाळीनं झोपायची. पोरांना झोपायला गॅलरी. त्या गॅलरीत गावाकडची भुतं, पंढरीची वाट, जॉबरची लाचखोरी, कुणाचं बोट पट्ट्यात कसं गेलं, सगळं एकाच आवाजात ऐकू यायचं. आपण कोण, हे आम्हाला तिथं समजलं. जातीच्या दाखल्यावर किंवा रेशनकार्डावर नाही समजलं.

आता आपल्या या तीन स्टेशनांकडे या. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर. लोकलमध्ये बसलं तर चार-पाच डुलक्यांत संपणारा हा पट्टा. पण प्रत्येक स्टेशनाची गोष्ट वेगळी आहे.

बदलापूरची गोष्ट जुने लोक अशी सांगतात, की शिवाजी महाराजांच्या काळात कोकण-सुरतेच्या वाटेवर इथं घोडे बदलायचे, म्हणून बदलापूर. पंडितांना काय म्हणायचं ते म्हणोत. आम्हाला ती आवडते. कारण गिरण्या बंद पडल्यावर परळ-लालबागची खोली विकून जी माणसं इथं आली, त्यांत निम्मे बदली कामगार होते. वर्षानुवर्षं दारावर उभं राहून 'आज बदलीवर घेता का' म्हणत ज्यांनी आयुष्य काढलं, त्यांना राहायला गाव मिळालं तेही बदलापूर! हसा, हसण्यासारखंच आहे.

अंबरनाथची गोष्ट देवळाची. म्हातारी माणसं सांगतात, पांडवांनी एका रात्रीत बांधलं. कोंबडा आरवला, उजाडलं, म्हणून कळस राहून गेला. देवळावर लेख आहे शके ९८२ चा, म्हणजे इसवी सन १०६० चा, शिलाहार राजा मुम्मुणी याच्या काळातला. तेव्हा पांडवांची गोष्ट खोटी. पण आम्ही म्हणतो, खोटी म्हणून ती फेकून देऊ नका. ती कुणी रचली याचा विचार करा. इथल्या शेतकऱ्यानं, कातकऱ्यानं, दगड फोडणाऱ्यानं रचली. राजाची त्याला ओळख नव्हती. त्याला ओळखीचे होते ते राज्य गेलेले, बेघर झालेले, रानोमाळ फिरून हातानं काम करणारे पाच भाऊ. एवढं सुंदर काम आपल्यासारख्याच कुणीतरी केलं असणार, हे त्याला म्हणायचं होतं. लेखातून राजा कळतो, गोष्टीतून माणूस कळतो. पोराला दोन्ही सांगा. पुढे त्याच अंबरनाथात १९२० नंतर काड्यापेटीचा वीमको कारखाना आला, रसायनाचे कारखाने आले. त्यात राबलेल्या बायकांच्या बोटांना दारूचा वास यायचा, असं त्यांच्या नाती सांगतात. तो मजकूर कुठल्याच दगडावर कोरलेला नाही.

आणि मलंगगडाच्या वाटेवरचं नेवाळी विसरू नका. दुसऱ्या महायुद्धात इंग्रज सरकारनं विमानाच्या धावपट्टीसाठी तिथल्या शेतकऱ्यांच्या जमिनी घेतल्या. शेतकऱ्यांचं म्हणणं, लढाई संपली की परत देऊ असं सांगून घेतल्या. लढाई संपली, इंग्रज गेला, जमीन आली नाही. ज्यांच्या शेतात बांध होते ते मरून गेले. त्यांच्या पोरांनी नातवांना बोट दाखवून सांगितलं, ते चिंचेचं झाड आहे ना, तिथून आपलं. २२ जून २०१७ ला तीच नातवंडं रस्त्यावर आली, पोलिसांशी झटापट झाली, सगळ्या महाराष्ट्रानं नेवाळीचं नाव ऐकलं. झाल्या हिंसेचं आम्ही कौतुक करत नाही. पण पंचाहत्तर वर्षं एक हक्क जिवंत राहिला तो कशावर? सातबाऱ्यावर नाव कुणाचं याचा वाद चालू होता. जिवंत राहिला तो घरात सांगितलेल्या गोष्टीवर. आगरी बोलीत सांगितलेल्या, हेही ध्यानात घ्या. बांधाला, बांधाच्या कडेच्या खाचरीला, भरतीच्या पाण्याला त्या बोलीत जे शब्द आहेत, ते साहेबाच्या मोजणीत कुठून येणार?

उल्हासनगरावर जरा थांबावं लागेल.

याच युद्धाच्या काळात कल्याणजवळ लष्कराची छावणी होती. १९४७ साली देशाची फाळणी झाली, आणि सिंधमधून हिंदू कुटुंबं बोटीनं, गाडीनं मुंबईकडे आली. त्यांना सरकारनं या छावणीच्या बराकींत आणून ठेवलं. ८ ऑगस्ट १९४९ ला गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांच्या हस्ते नव्या वसाहतीची कोनशिला बसली आणि उल्हास नदीवरून नाव पडलं उल्हासनगर. नाव उल्हासाचं, माणसं घरदार टाकून आलेली. आजसुद्धा तिथला माणूस पत्ता सांगताना कॅम्प नंबर तीन, कॅम्प नंबर पाच असंच सांगतो. छावणी उठून पंचाहत्तर वर्षं झाली, पण पत्ता छावणीचाच राहिला.

आपण त्यांच्यावर विनोद पुष्कळ केले. मालावर 'मेड इन यूएसए' छापायचं आणि विचारलं तर उल्हासनगर सिंधी असोसिएशन म्हणायचं, हा विनोद इथं बसलेल्या प्रत्येकानं एकदा तरी केला असेल. पण आमच्या खात्यात एक सिंधी सोबती आहे. त्याची आजी शिकारपूरची. शिकारपूरला झाकलेला बाजार आहे, वरून छप्पर घातलेला, सिंधच्या उन्हात सावली देणारा. आमच्या या सोबत्यानं शिकारपूर जन्मात पाहिलेलं नाही, पाहणारही नाही. पण त्या बाजारात शिरल्यावर डाव्या हाताला कुणाचं दुकान, पुढे हलवाई कोणता, मशीद कुठे, वळण कुठे, हे तो साचा चालू असताना ओरडून ओरडून सांगतो. आजीनं त्याला हे रोज रात्री सांगितलं, जणू उद्या सकाळी सौदा आणायलाच पाठवायचं आहे!

आम्ही त्याला विचारलं, तू हे तुझ्या मुलीला सांगतोस का? म्हणाला, सांगतो, पण हिंदीत. सिंधी तिला समजते, बोलता येत नाही. त्याला स्वतःला बोलता येते, वाचता येत नाही. आजी मात्र अरबी वळणाच्या लिपीत पत्रं लिहायची. आजीपासून पणतीपर्यंत बघा काय झालं : आजीनं लिहिली, नातवानं बोलली, पणतीनं नुसती ऐकली. पुढची पिढी काय करील? आणि तो आणखी एक गोष्ट म्हणाला. हिंदीत सांगताना आजीचे निम्मे शब्द गळून जातात. मुलीला बाजार कळतो, आजी कळत नाही.

कामगार बंधूंनो, भाषावार राज्य कशासाठी, हा प्रश्न ज्यांना पडतो त्यांनी आमच्या या सोबत्याकडे यावं. सिंध प्रांत १८४७ पासून १९३६ पर्यंत आपल्याच मुंबई इलाख्यात होता. जवळजवळ नव्वद वर्षं. १ एप्रिल १९३६ ला तो वेगळा प्रांत झाला. त्या मागणीत भाषेचा, मुलखाचा अभिमान होता, तसा धर्माचा हिशेबही होता. खोटं कशाला सांगा. पण प्रांत झाला, आणि अकरा वर्षांत त्यातल्या हिंदूंना तो सोडावा लागला. मग भारतात सिंधी भाषेला घर कुठलं? घटनेच्या यादीत तिचं नावसुद्धा नव्हतं. ते १९६७ साली घातलं गेलं. यादीत नाव आलं, पण जिथं कचेरी त्या भाषेत चालेल, एसटीची पाटी त्या भाषेत लागेल, असा एक जिल्हा त्यांना नाही. माणसं कर्तबगार, धंद्यात पुढे, शाळा-कॉलेजं त्यांनी काढली. तरी भाषा आजीच्या खाटेपुरती उरत चालली. श्रीमंती असून हे झालं. आपल्याजवळ तर तीही नाही.

म्हणून कुणी आम्हाला म्हणालं, की मराठी राज्य मागणारे तुम्ही लोक शेजारच्या सिंध्याचे, भय्याचे, तेलुगू विणकराचे वैरी, तर आम्ही त्याला शिकारपूरच्या बाजारात नेऊन उभं करतो. आपल्या आईची भाषा ज्याला प्यारी, त्याला दुसऱ्याच्या आईची भाषा मरताना पाहून आनंद कसा होईल? आणि मराठीच्या नावानं कुणी गाडीतल्या गरिबाच्या कानाखाली मारत असेल, तर मालकाच्या तिजोरीला त्याचा ओरखडासुद्धा उठत नाही, हेही त्यानं लक्षात ठेवावं.

आता आपल्या लढ्याची गोष्ट. २१ नोव्हेंबर १९५५. मुंबई महाराष्ट्रापासून तोडण्याचा डाव कळल्यावर कामगारांनी संप केला आणि मोर्चा फ्लोरा फाउंटनवर गेला. गोळीबार झाला, १५ माणसं पडली. जानेवारी १९५६ मध्ये मुंबई केंद्राच्या ताब्यात देण्याचं जाहीर झालं आणि पुन्हा गोळ्या सुटल्या. हुतात्म्यांचा आकडा आपण १०५ म्हणतो. पुढे यादीत आणखी नावं आली. त्यांत गिरणी कामगार किती तरी होते. फाउंटनवर १९६१ साली जे स्मारक उभं राहिलं त्यात एक शेतकरी आणि एक कामगार, दोघांनी मिळून मशाल धरली आहे. त्यात मंत्री नाही, शेठ नाही, वकील नाही.

हे झालं पुस्तकातलं. आमच्या एका घरातली गोष्ट ऐका. आजोबा सांगायचे, मी त्या दिवशी फाउंटनवर होतो. गोळी माझ्या टोपीला चाटून गेली. आजी चुलीपुढून म्हणायची, काही नाही, रातपाळी करून घोरत पडला होता. मीच बायकांबरोबर जिन्यात लाटणं घेऊन बसले होते, पोलीस वर येऊ नये म्हणून. हे भांडण त्यांनी मरेपर्यंत चालवलं. कोण खरं? हजेरीचं मस्टर काढून बघावं, तर गिरणीच उरली नाही! पण त्या घरात वाढलेल्या पोरांना दोन गोष्टी पक्क्या कळल्या. त्या दिवशी फाउंटनवर असणं ही अभिमानाची गोष्ट होती. इतकी, की नसलेल्या माणसालाही तिथं असावंसं वाटलं. आणि लढा नुसता फाउंटनवर झाला नाही, जिन्यातही झाला. दुसरी गोष्ट कुठल्याही इतिहासाच्या पुस्तकात आम्हाला मिळाली नसती. आजीनं नवऱ्याला खोडून काढलं म्हणून मिळाली. म्हणून घरात दोघांनाही बोलू द्या. बाप्या माणसानं सांगायचं आणि बाईनं चहा करायचा, अशानं निम्मा इतिहास पातेल्यात उकळून जातो.

काही घरांतून जे सांगितलंच जात नाही, तेही आज बोलायला हवं. साचेखात्यात जुनी माणसं धोट्यात नवी कांडी घातली की सुताचं टोक छिद्रातून ओठांनी ओढून घ्यायची. म्हणून अस्पृश्य मानलेल्या कामगाराला साचेखात्यात घेत नसत. त्याचा ओठ लागलेला धोटा दुसऱ्यानं ओठाला कसा लावायचा? आणि पगार जास्त साचेखात्यातच! मालकानं अडवलं असेल, पण बरोबरच्या कामगारानंही अडवलं. १९२८ च्या मोठ्या संपात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा प्रश्न उघड मांडला. आता गंमत बघा. १९२८ चा संप लाल बावट्याचा पराक्रम म्हणून एका चाळीत सांगतात, तो खराच आहे. समोरच्या चाळीत त्याच संपाची गोष्ट धोट्याची म्हणून सांगतात, तीही खरी आहे. दोन चाळींमधून एक नळ, पण शंभर वर्षांत या दोन गोष्टींची भेट झाली नाही. संयुक्त महाराष्ट्र म्हणतो आपण. जमिनीचे तुकडे जोडले. ह्या गोष्टी कधी जोडणार? ज्या घरात धोट्याची गोष्ट सांगत नाहीत, त्या घरातल्या पोराला ती आम्ही सांगणार. त्याला वाईट वाटेल. वाटू दे.

१ मे १९६० ला राज्य झालं. पण पुरं झालं नाही. १ नोव्हेंबर १९५६ च्या फेररचनेत बेळगाव, कारवार, निपाणीकडचा मराठी मुलूख म्हैसूर राज्यात गेला. चंदगड तालुका आपल्याकडे आला, आणि त्याला लागून असलेली खानापूर-बेळगावची गावं तिकडे राहिली. गिरण्यांत चंदगड-आजऱ्याकडचे कामगार किती होते, हे जुन्यांना विचारा. त्यांच्या बहिणी सीमेपलीकडे दिलेल्या. एका रात्रीत माहेर एका राज्यात आणि सासर दुसऱ्या राज्यात. १९६६ ला महाजन आयोग नेमला, १९६७ ला अहवाल आला, तो महाराष्ट्रानं मानला नाही. २००४ साली महाराष्ट्र सर्वोच्च न्यायालयात गेला. आयोग, अहवाल, अर्ज, तारखा. त्या सगळ्या कागदांचा गठ्ठा गिरणीच्या गाठीएवढा झाला असेल. पण अण्णाभाऊ साठ्यांनी 'माझी मैना' ही छक्कड रचली, तिनं जे केलं ते गठ्ठ्यानं केलं नाही. पोटासाठी मुंबईला आलेला कामगार, त्याची बायको गावी राहिलेली. त्या ताटातुटीतून अण्णाभाऊंनी महाराष्ट्राची ताटातूट सांगितली. ऐकणाऱ्या प्रत्येक कामगाराची बायको गावीच होती. कुणाला नकाशा उलगडून दाखवावा लागला नाही. अण्णाभाऊ शाळेत किती दिवस गेले, हे सगळ्यांना ठाऊक आहे. त्यांनी घरातल्या दुःखाला सभेत जागा दिली. एवढंच आपल्याला करायचं आहे.

३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, पेढे वाटले. २०२५ साली पहिलीपासून हिंदी लावण्याचा आदेश निघाला, लोक उठले, २९ जूनला तो मागे घ्यावा लागला. पुन्हा पेढे वाटले. चांगलंच झालं. पण पेढे वाटणाऱ्यांनो, मराठी शाळेतली पटसंख्या बघायला एकदा चला. आपल्याच वस्तीत बघा. कामगार पोटाला चिमटा घेऊन इंग्रजी शाळेची फी भरतो. त्याला आम्ही दोष देत नाही. मराठीत शिकून आमचं काय भलं झालं, असं तो विचारतो, त्याला उत्तर द्यायची जबाबदारी राज्य चालवणाऱ्यांची आहे. शाळेचा लढा आपण वेगळा लढू. पण रात्री जेवल्यावरची अर्धी घटका कुणा सरकारनं आपल्याकडून काढून घेतलेली नाही. ती अजून आपली आहे. त्या वेळात आपण मोबाईल बघतो, पोर दुसरा मोबाईल बघतं. सिंधी आजीवर निर्वासितांच्या छावणीत वेळ आली होती. बराकीत मधे गोणपाटाचा पडदा, पलीकडे दुसरं कुटुंब, खाली ओली जमीन. तशात तिनं रोज रात्री बाजार उभा केला. आपल्याला तर डोक्यावर पक्कं छप्पर आहे.

कामाचं सांगतो. येत्या रविवारी सकाळी याच जागी कार्यकर्ते वह्या घेऊन बसतील. आपापल्या घरातलं सर्वांत म्हातारं माणूस घेऊन या. चार गोष्टी लिहून घ्यायच्या आहेत. मूळ गाव कोणतं आणि ते का सोडलं. गिरणी कोणती, खातं कोणतं, तिकीट नंबर आठवत असेल तर तो. कुठल्या संपात, कुठल्या मोर्च्यात होता, किंवा का नव्हता. आणि हे तुम्हाला कुणी सांगितलं, त्याचं किंवा तिचं नाव. शेवटचं विसरू नका. जो जसं बोलेल तसंच उतरवायचं; मालवणी असो, आगरी असो, घाटावरची असो, कुणाची भाषा शुद्ध करायला जायचं नाही. ज्या घरी कागद सापडतील त्यांनी तेही आणावेत, नकला काढून मूळ कागद तिथंच परत मिळतील.

एक वही सिंधी सोबत्यांसाठी ठेवली आहे. आमचा तो सोबती स्वतः बसणार आहे. त्याला लिपी येत नाही म्हणून कॅम्प नंबर चारमधले एक निवृत्त मास्तर त्याच्याशेजारी बसायला कबूल झाले आहेत. खुर्च्या पंचवीसच मिळाल्या, त्या म्हाताऱ्यांसाठी. बाकीच्यांनी सतरंजीवर बसावं. रातपाळीवाल्यांनी आता निघायला हरकत नाही, गाडी नऊ बाविसाची आहे.